माणसं पहिल्यांदा कुठे उतरली?



गेल्या मार्चमध्ये ऑफिसच्या कामासाठी बेंगळुरूहून सॅन फ्रान्सिस्कोला गेलो. विमान सिंगापूरमार्गे होतं आणि मध्ये नऊ तासांचा थांबा होता. माझी सवय अशी की असा थांबा मिळाला की चार्जिंगचा पॉइंट शोधायचा, लॅपटॉप उघडायचा आणि राहिलेली कामं उरकायची. या वेळी बायकोने निघतानाच बजावलं, "नऊ तास विमानतळावर बसून ईमेल बघणार असशील तर घरीच बस. बाहेर पड जरा."

चांगी विमानतळावर ट्रान्झिट प्रवाशांसाठी अडीच तासांची फुकट सहल असते. मी बघितलं तेव्हा माझ्या वेळेच्या जागा भरल्या होत्या. मग इंटरनेटवर शोधून एक खासगी गाइड ठरवली. सिंगापूरमध्ये गाइडकडे सरकारी परवाना लागतो, तो आहे ना एवढं बघून घेतलं. साठीच्या आसपासच्या तमिळ बाई होत्या. पैसे जरा जास्त वाटले, पण म्हटलं, एकदा करून बघू.

आपल्या मंडळातली बरीच मुलं आता परदेशी जा-ये करतात, म्हणून आधी थोडं कामाचं सांगतो. नऊ तासांचा थांबा म्हणजे फिरायला नऊ तास मिळत नाहीत. विमानातून उतरून इमिग्रेशन पार करायला तास धरा. पुढच्या विमानाच्या तीन तास आधी परत या. शहरात जाण्यायेण्याचा दीड तास वजा करा. हातात उरतात साडेतीन तास. थांबा सहा तासांपेक्षा कमी असेल तर बाहेर पडायच्या भानगडीत न पडलेलं बरं. सगळा प्रवास एकाच तिकिटावर असेल तर सामान बहुधा थेट पुढे जातं, पण चेक-इनच्या वेळी काउंटरवर विचारून खात्री करा. तिकिटं वेगवेगळी असतील तर सामान घ्या, परत द्या, यातच वेळ जातो. भारतीय पासपोर्टवर सिंगापूरचा व्हिसा लागतो. अमेरिकेसारख्या काही देशांचा चालू व्हिसा हातात असेल तर ठरावीक अटींवर ९६ तासांपर्यंत विनाव्हिसा ट्रान्झिट मिळतं. माझं तसंच झालं. अरायव्हल कार्ड मात्र आधी ऑनलाइन भरावं लागतं. हे नियम बदलत असतात, त्यामुळे माझ्या शब्दावर न जाता निघण्यापूर्वी स्वतः बघा.

गाइडबाईंनी दोन दिवस आधी मेसेज करून तीनच प्रश्न विचारले. पाठीवर किती ओझं असेल? किती चालू शकता? आणि काय बघायचं नाही? तिसऱ्या प्रश्नाला मी "मॉल" असं उत्तर दिलं. त्यांनी हसरा चेहरा पाठवला.

मला वाटलं होतं की आधी तो पाण्याचा फवारा सोडणारा सिंह दाखवतील, मग उंच इमारती. बाईंनी मेट्रोत बसवलं, एक्स्पो स्टेशनला गाडी बदलायला लावली आणि तेलोक आयर नावाच्या रस्त्यावर नेऊन उभं केलं. दोन्ही बाजूंना जुनी दुमजली दुकानघरं आणि त्यांच्या मागे काचेचे टॉवर.

"समुद्र कुठे आहे सांगा," त्या म्हणाल्या.

मी इकडेतिकडे बघितलं. समुद्राचा पत्ता नव्हता.

"तुम्ही किनाऱ्यावर उभे आहात," त्या म्हणाल्या.

एकेकाळी समुद्राचं पाणी या रस्त्याला लागत होतं. पुढे भराव घालत घालत समुद्र मागे ढकलला. चीनमधून आणि आपल्या तमिळनाडूच्या किनाऱ्यावरून गलबतांनी आलेली माणसं इथे उतरत. उतरल्यावर पहिलं काम म्हणजे जिवंत पोचवल्याबद्दल देवाचे आभार. म्हणून या एका रस्त्यावर चिनी लोकांच्या समुद्रदेवीचं, माझूचं, थियान हॉक केंग हे देऊळ आहे. ते १८३९ ते १८४२ या काळात बांधलं. आणि त्याच रांगेत थोड्याच अंतरावर नागोर दर्गा आहे, तो १८२८ ते १८३० मधला. तमिळ मुसलमानांनी आपल्या गावाकडच्या नागोरच्या दर्ग्याची आठवण म्हणून बांधलेला. दोन्ही ठिकाणी नवस एकच होता, 'बोट बुडली नाही.'

त्यानंतर जवळच्या मॅक्सवेल फूड सेंटरमध्ये जेवलो. मग बाईंनी दहा मिनिटं तो सिंह दाखवला. "फोटो नसेल तर घरचे विश्वास ठेवणार नाहीत," म्हणाल्या. ठरलेल्या वेळेला त्यांनी मला मेट्रोपर्यंत सोडलं. निरोप घेताना त्यांनी सहज विचारलं, "तुमच्या गावात माणसं पहिल्यांदा कुठे उतरली?"

मी म्हणालो, "हुबळीला समुद्र नाही."

"समुद्राचं कुठे विचारलं मी?" त्या म्हणाल्या.

चौतीस वर्षांचा माणूस मी. हुबळीत जन्मलो, इथेच बी.व्ही.बी. कॉलेजात बी.ई. केलं, बेंगळुरूला नोकरी केली आणि कोविडनंतर घरून काम करत पुन्हा विद्यानगरला राहायला आलो. पण या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. पुढच्या विमानात ते बराच वेळ डोक्यात राहिलं. अमेरिकेत पोचल्यावर कामाच्या गडबडीत विसरूनही गेलो.

आठवण झाली ती डिसेंबरात. माझी आतेबहीण न्यू जर्सीला असते. तिचा मुलगा, सतरा वर्षांचा, नाताळच्या सुट्टीत भारतात आला होता. मुंबईहून सकाळी हुबळी आणि संध्याकाळच्या विमानाने हैदराबादला एका मित्राकडे, असा त्याचा बेत. दोन विमानांच्या मध्ये आठ तास. हुबळीत तो पहिल्यांदाच येत होता. त्याची आजी, म्हणजे माझी आत्या, मात्र इथेच रेल्वे क्वार्टर्समध्ये वाढली. लग्न होऊन मुंबईला गेली आणि पुढे मुलीकडे अमेरिकेत. आता गुडघे आणि हृदय दोन्ही साथ देत नाहीत, त्यामुळे इकडे येणं थांबलं आहे. तिने नातवाला एकच काम सांगितलं होतं. 'क्वार्टर्सपुढचं चिंचेचं झाड अजून आहे का, फोटो काढून पाठव.'

मी सिंगापूरचा अनुभवी माणूस. लगेच एक्सेल उघडलं आणि तक्ता केला. उणकल तलाव, चंद्रमौळेश्वराचं देऊळ, सिद्धारूढ मठ, इंदिरा ग्लास हाउस, नृपतुंग बेट्टा, बेंगेरीचं खादी केंद्र जिथे राष्ट्रध्वज शिवतात, धारवाडला साधनकेरी, कर्नाटक कॉलेज, लाइन बाजारचा पेढा. एकूण अकरा ठिकाणं, प्रत्येकापुढे मिनिटं. गाडी आणि ड्रायव्हर ठरवला. प्रिंट काढून टेबलावर ठेवली.

बाबांनी ती उचलून वाचली. बाबा एकाहत्तर वर्षांचे. हुबळीच्या रेल्वे वर्कशॉपमध्ये छत्तीस वर्षं नोकरी केली. तीन वर्षांपूर्वी आई गेली आणि त्यांचं बोलणं कमी झालं. सकाळी पेपर, दुपारी झोप, संध्याकाळी गॅलरी. मंडळाच्या गणपतीलाही गेल्या दोन वर्षांत आले नाहीत. त्यांनी खिशातलं पेन काढलं आणि एकेका ओळीवर काट मारत गेले. अकरातली दोन उरली, साधनकेरी आणि पेढा. वरती त्यांनी आपल्या हाताने लिहिलं, 'स्टेशन. वर्कशॉपचं गेट. गंगूबाईंचं घर.'

"बाबा, तो सतरा वर्षांचा आहे. त्याला स्टेशन काय दाखवायचं?"

"मी येतो बरोबर," ते म्हणाले. एवढंच.

भाचा विमानातून उतरला तेव्हा झोपेने त्याचे डोळे बारीक झाले होते. मराठी समजतं, बोलताना अडखळतो. गाडीत बसल्यावर त्याने बाबांना पहिलाच प्रश्न विचारला, "मामाआजोबा, आपण मराठी आहोत, तर मग कर्नाटकात का राहतो?"

मी आरशातून बाबांकडे बघितलं. हा प्रश्न आपल्यापैकी प्रत्येकाने कधी ना कधी ऐकला आहे. पुण्याचे नातेवाईक वेगळ्या सुरात विचारतात, इथले शेजारी वेगळ्या. आपण बहुतेक वेळा हसून वेळ मारून नेतो. बाबा म्हणाले, "स्टेशनवर सांगतो."

हुबळीच्या स्टेशनला आता श्री सिद्धारूढ स्वामीजींचं नाव आहे. इथला फलाट १५०७ मीटर लांब, जगात सगळ्यात लांब. मार्च २०२३ मध्ये त्याचं उद्घाटन झालं. त्याआधी हा मान गोरखपूरचा होता, १३६६ मीटर. भाच्याने फोनवर बघून खात्री केली आणि म्हणाला, "चालून बघू या." बाबा म्हणाले, "अर्धा चालतो. उरलेला तू चाल आणि मला सांग."

अर्ध्या वाटेवर एका बाकावर बसून बाबांनी सांगायला सुरुवात केली. ते मीही पहिल्यांदाच ऐकत होतो.

माझे पणजोबा, म्हणजे भाच्याचे खापरपणजोबा, मिरजेजवळच्या एका खेड्यातले. चार भाऊ आणि जमीन दीड एकर. १९२० च्या दशकात कोणीतरी सांगितलं की हुबळीला रेल्वेच्या कारखान्यात माणसं घेतात. मिरजेला गाडीत बसले, बेळगाव आणि लोंढा मागे टाकलं आणि इथे उतरले. कन्नडचा एक शब्द येत नव्हता. बरोबर एक वळकटी आणि आईने दिलेल्या भाकरी. स्टेशनबाहेर एका खानावळीवाल्या बाईने विचारलं, "ऊट आतेन्री?" जेवण झालं का, असं. पणजोबांना शब्द कळला नाही, पण विचारणं कळलं. बाबांच्या म्हणण्याप्रमाणे ते त्यांचं पहिलं कन्नड वाक्य. पुढे म्हातारपणी ते घरात मराठीतूनही कोणाला जेवणाचं विचारत नसत. 'ऊट आतेन्री' असंच विचारत.

"त्या रेल्वेचं नाव माहीत आहे?" बाबांनी भाच्याला विचारलं. "मद्रास अँड सदर्न मराठा रेल्वे."

भाचा एकदम सरळ बसला. "मराठा? म्हणजे हे महाराष्ट्र होतं?"

"नाही. थांब."

मग बाबांनी फलाटावरच्या बाकावर बसून त्याला जे सांगितलं ते शाळेत मला कोणी सांगितलं नव्हतं. पेशवाईत हा मुलूख मराठ्यांच्या ताब्यात होता, म्हणून इंग्रज याला 'सदर्न मराठा कंट्री' म्हणत. इथली माणसं तेव्हाही कन्नडच बोलत. १८८२ मध्ये सदर्न मराठा रेल्वे कंपनी निघाली, तिचं मुख्य कार्यालय धारवाडला होतं. पुढे ती मद्रासच्या कंपनीला जोडली गेली. धारवाड जिल्हा मुंबई इलाख्यात होता, स्वातंत्र्यानंतरही मुंबई राज्यात. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यांची भाषावार रचना झाली आणि जिल्हा म्हैसूर राज्यात आला. त्या राज्याचं नाव कर्नाटक झालं ते १९७३ मध्ये.

"म्हणजे आपण हललोच नाही, नकाशा हलला," भाचा म्हणाला. वाक्य इंग्रजीत होतं, पण मोठं शहाणं होतं. मलाही ते आवडलं.

बाबांनी मान हलवली. "ऐकायला बरं वाटतं, पण पुरतं खरं नाही. नकाशा नंतर हलला. त्याआधी आपणही हललो होतो. पोटासाठी आलो. इथल्या लोकांनी भाषा शिकवली, घर दिलं, काम दिलं. ते विसरून नुसतं नकाशाचं सांगू नये."

भाचा काही बोलला नाही. मग उठून उरलेला फलाट चालून आला. दोन हजारांच्या वर पावलं झाली म्हणाला, नक्की आकडा मध्येच चुकला.

स्टेशनच्या बाहेर पडताना मला सिंगापूरच्या बाई आठवल्या. समुद्राचं कुठे विचारलं मी, असं त्या म्हणाल्या होत्या. आमचा किनारा हाच होता, आणि मी त्याला 'त्याला स्टेशन काय दाखवायचं' म्हणून यादीतून वगळला होता.

वर्कशॉपच्या गेटपाशी आम्ही आत गेलो नाही. बाबा बाहेरच उभे राहिले. भोंगा वाजला की सायकलींचा लोंढा कसा बाहेर पडायचा आणि भोंग्यावर घराघरातली घड्याळं कशी लावली जायची, ते सांगितलं. कारखाना १८८० च्या दशकातला. मीटरगेजचे डबे दुरुस्त करताना बाबांच्या डाव्या हाताचं बोट चेंगरलं होतं, ते त्यांनी भाच्याला दाखवलं. भाच्याने ते हातात घेऊन बघितलं. मी ते बोट रोज बघतो, पण कधी विचारलं नव्हतं.

मग आलो जुन्या वसाहतीकडे. इथे बाबांची चाल मंदावली. एका मोकळ्या जागेपाशी ते थांबले. पत्र्याचं कुंपण, आत गवत आणि कोपऱ्यात पाण्याची एक टाकी. "ही जागा," ते म्हणाले.

"आणि झाड?"

बाबा टाकीकडे बघत राहिले. थोड्या वेळाने म्हणाले, "झाड नाही. चाळ पाडली तेव्हाच गेलं. अकरा-बारा वर्षं झाली."

"पण आजी म्हणाली की तुम्ही तिला दर दिवाळीला सांगता, झाड आहे म्हणून."

"सांगतो."

आता काय करायचं ते कोणालाच कळेना. भाचा फोन हातात घेऊन उभा. मला वाटलं, बाबा म्हणतील की दुसऱ्या एखाद्या चिंचेचा फोटो काढ, अक्काला काय कळतंय. खरं सांगायचं तर मीच तसं सुचवणार होतो. बाबा म्हणाले, "काढ फोटो. आहे तसाच काढ. टाकी पण येऊ दे."

भाच्याने फोटो काढून पाठवला. तिकडे मध्यरात्र होती. उत्तर आलं नाही.

वाटेत देशपांडेनगरला गंगूबाई हनगल यांचं घर रस्त्यावरूनच दाखवलं. भाच्याला नाव माहीत नव्हतं. बाबांनी गाण्याबद्दल न सांगता गाडीबद्दल सांगितलं. सवाई गंधर्वांकडे शिकायला गंगूबाई हुबळीहून संध्याकाळच्या गाडीने कुंदगोळला जायच्या आणि रात्री परत यायच्या. आपण आता बघितलं त्याच स्टेशनवरून. सवाई गंधर्व म्हणजे रामभाऊ कुंदगोळकर. ते इथलेच आणि मराठी रंगभूमी त्यांनी गाजवली. त्यांच्याकडेच कुंदगोळला भीमसेन जोशी शिकले. "इकडचा आवाज तिकडे जायचा, तिकडची नाटकं इकडे यायची. तिकीट कोणत्या राज्याचं, ते कोणी विचारत नव्हतं," बाबा म्हणाले.

धारवाडला जाताना विद्यागिरीपाशी मी माझी भर घातली. इथल्या जे.एस.एस. कॉलेजात जी. ए. कुलकर्णी इंग्रजी शिकवत. कन्नड गावात राहायचं, वर्गात इंग्रजी शिकवायचं आणि घरी येऊन मराठीत 'काजळमाया' लिहायची. साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला तोही त्यांनी परत केला. भाच्याने विचारलं, "यापैकी त्यांची भाषा कोणती?" मी म्हणालो, "तिन्ही असतील." त्याला उत्तर पटलेलं दिसलं. घरी आईशी मराठी, मित्रांशी इंग्रजी आणि शाळेत स्पॅनिश, असं त्याचंही चालूच असतं.

साधनकेरीला तळ्यासमोर बेंद्रे यांचं घर आहे. द. रा. बेंद्रे, जन्म १८९६, धारवाड. घरची भाषा मराठी. शिकले पुण्याच्या फर्ग्युसनमध्ये, बारा वर्षं सोलापूरला कन्नडचे प्राध्यापक होते. कविता लिहिली कन्नडमध्ये, आणि अशी लिहिली की १९७३ चा ज्ञानपीठ मिळाला. इथले कन्नड लोक त्यांना वरकवी म्हणतात. मराठीतही त्यांनी लिहिलं आहे. बाबांनी तरुणपणी एका सभेत त्यांना ऐकलं होतं. काय बोलले ते आठवत नाही म्हणाले, पण सभा संपल्यावर ते कोणाशी तरी मराठीत आणि लगेच दुसऱ्याशी कन्नडमध्ये बोलत होते, आणि बोलताना चेहरा अजिबात बदलला नव्हता, एवढं पक्कं आठवतं.

"सकाळी विचारलंस ना, आपण इथे का," बाबा भाच्याला म्हणाले. "का, ते स्टेशनवर सांगितलं. कसं राहायचं, ते इथे बघ."

लाइन बाजारला पेढा घेतला. धारवाडचा पेढा म्हणून आपण अभिमानाने पाहुण्यांना देतो, तो करणारं ठाकूर कुटुंबसुद्धा उत्तर प्रदेशातल्या उन्नावहून इथे आलेलं. म्हणजे तेही कधीतरी इथे उतरलेलेच. २००७ मध्ये या पेढ्याला भौगोलिक मानांकन मिळालं. भाच्याने एक खाल्ला, मग दुसरा, मग आजीसाठी अर्धा किलो वेगळा बांधून घेतला.

परतताना बाबांनी हट्ट धरला की चिगरीने जायचं. चिगरी म्हणजे हरीण. आपल्या जलद बसचं नाव. ड्रायव्हरला गाडी घेऊन पुढे होसूरला थांबायला सांगितलं आणि आम्ही तिघे बसने निघालो. बाबा खिडकीपाशी बसून भाच्याला उणकल तलाव दाखवत होते. मी मागच्या सीटवर घड्याळ बघत होतो. विमान निघायच्या दीड तास आधी आम्ही गोकुळ रोडच्या विमानतळावर पोचलो. माझ्या एक्सेलमध्ये हीच वेळ होती. तेवढं तरी माझं बरोबर आलं.

आत जाण्याआधी भाच्याने वाकून बाबांना नमस्कार केला. मग त्याचा फोन वाजला. आजी. तिकडे पहाटेचे साडेपाच झाले असतील. त्याने व्हिडिओ सुरू करून फोन बाबांच्या हातात दिला.

"काय रे, बारा वर्षं मला फसवतोस?" आत्याचा आवाज एवढा मोठा की रांगेतल्या माणसांनी मागे वळून बघितलं. "दर दिवाळीला विचारते मी. दर दिवाळीला सांगतोस, आहे, यंदा चिंचा बऱ्या आल्यात!"

बाबा म्हणाले, "अक्का, तुला वाईट वाटेल म्हणून..."

"वाईट वाटायचं ते वाटणारच. पण मग मी कोणाला विचारायचं? तू एकटाच उरलास विचारायला."

पुढे बराच वेळ दोघं भांडली. भाचा आत गेला, त्याचं विमान उडालं, आम्ही घरी आलो तरी माझ्या फोनवर भांडण चालू होतं. झाडावरून सुरू झालेलं ते नळावर गेलं, नळावरून शेजारच्या तेलुगू काकूंवर, तिथून एका हरवलेल्या सायकलीवर. रात्री जेवताना बाबा म्हणाले, "सायकल तिनेच हरवली होती. अजून कबूल करत नाही." तीन वर्षांत मी त्यांना एका दिवसात एवढं बोलताना ऐकलं नव्हतं.

आता दर रविवारी रात्री आत्याचा फोन येतो. ती विचारते, बाबा खरं सांगतात. जे नाही ते नाही म्हणतात, जे आहे ते बघून यायला कधीकधी मलाच पाठवतात. मागच्या आठवड्यात मी एका गल्लीत जुना हातपंप शोधत अर्धा तास फिरलो. सापडला नाही. तसंच कळवलं.

सिंगापूरच्या बाईंना मी मेसेज केला की उत्तर सापडलं, आमच्याकडे माणसं रेल्वे स्टेशनवर उतरली. त्यांचं उत्तर आलं, "आणि त्यांना पहिल्यांदा जेवायला कोणी घातलं?"

तेही आता मला माहीत आहे.

तुमच्याकडे पाहुणा येईल, दोन विमानांच्या किंवा दोन गाड्यांच्या मध्ये पाच-सहा तास असतील, तर तलाव आणि देऊळ जरूर दाखवा. पण यादी करण्याआधी ती घरातल्या सगळ्यात जुन्या माणसाच्या हातात द्या आणि पेनही द्या. काय खोडतात ते बघा.

आणि या अंकाच्या वाचकांना एक विनंती. तुमच्या घरातलं पहिलं माणूस हुबळी-धारवाडला कुठे उतरलं, कशासाठी आलं आणि इथे पहिलं जेवण कोणाकडे जेवलं, हे आजी-आजोबांना विचारा. चार ओळी पुरेत. मंडळाच्या पत्त्यावर पाठवा, पुढच्या अंकात छापू. आठवत नसेल तर 'आठवत नाही' असंच लिहा. आमच्या बाबांनी आता तेवढं शिकून घेतलं आहे.